एकच गोगलगाय, शंभरावर नावं

लिटोरिना सॅक्सॅटिलिस. उत्तर अटलांटिकच्या खडकाळ किनाऱ्यांवरची ही इवलीशी समुद्री गोगलगाय. शास्त्रज्ञांनी तिला शंभराहून जास्त वेगवेगळी नावं दिली! कारण मला फार सुंदर वाटतं. मादी थेट पिल्लांना जन्म देते. ती अळीरूपात प्रवाहाबरोबर दूर जात नाहीत, म्हणून जागोजागी रूप बदलतं, आणि प्रत्येक रूप वेगळी जात वाटून नवं नाव मिळत गेलं. खेकडे असतात तिथे शंख मोठा, जाड, अरुंद तोंडाचा. लाटांच्या माऱ्यात छोटा, पातळ, रुंद तोंडाचा, त्यामुळे मोठा पाय खडकाला घट्ट चिकटतो.

नामकरणाच्या नियमानुसार सहसा सर्वांत जुनं नाव टिकतं. इथे ते ओलिवी या शास्त्रज्ञांनी दिलेलं. त्यांनी तिला टर्बो वंशात ठेवलं होतं. नावापुढे '(ओलिवी, १७९२)' असा कंस दिसतो ना? वंश नंतर बदलला, हे तो कंस सांगतो.