पदव्युत्तर दंतवैद्यक प्रवेश : न्याय नेमका कुठे अडतो?

पावसाळ्याच्या तोंडावर पाटणला माझ्या घरी एक मुलगी आली. बी.डी.एस. झालेली. तिच्या आज्याचे घर कोयनेच्या धरणात गेले. ती म्हणाली, "सर, पात्रतेपुरते गुण मला आहेत. तरी जो तो म्हणतो, एम.डी.एस.चा नाद सोड. असं का?" मी शाळामास्तर, दातांतले मला काही कळत नाही. पण प्रवेशाचे नियम महिनाभर वाचले. जे समजले ते कार्यकर्त्यांच्या आणि विद्यार्थ्यांच्या उपयोगी पडेल म्हणून मांडतो.

पहिला गैरसमज गुणवत्तेचा. प्रवेशपरीक्षेत खुल्या वर्गाला पन्नासावे शतमान लागते, अनुसूचित जाती-जमाती व इतर मागासांना चाळिसावे. ही सवलत फक्त रांगेत उभे राहण्यापुरती आहे. जागा मिळते ती क्रमांकानेच. १९९९ साली डॉ. प्रीती श्रीवास्तव खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने बजावले की पदव्युत्तर पातळीवर किमान गुणांतले अंतर फार मोठे असता कामा नये. त्यानंतर गुणवत्तेच्या नावाने आपल्या पोरांना किती टोमणे ऐकावे लागले! गंमत अशी, की अलीकडच्या काही वर्षांत जागा रिकाम्या राहतात म्हणून केंद्रानेच ही रेषा अनेकदा खाली आणली, आणि ती सर्वांसाठी, खुल्या वर्गासाठीसुद्धा. तेव्हा गुणवत्ता बुडाल्याची ओरड मी ऐकली नाही. ज्याच्यापाशी पैसा आहे त्याला त्या उतरलेल्या रेषेने जागा मिळते. ज्याच्यापाशी नाही त्याला फक्त पात्रता मिळते.

सरकारी महाविद्यालयांतल्या निम्म्या पदव्युत्तर जागा अखिल भारतीय कोट्यात जातात, निम्म्या राज्याकडे उरतात. राज्याच्या वाट्यात अनुसूचित जातींना शेकडा १३ आणि केंद्राच्या वाट्यात शेकडा १५. केंद्राच्या वाट्यात हे आरक्षण २००७ सालच्या निकालानंतर आले आणि इतर मागासांचे २७ टक्के तर २०२१ साली. त्याला आव्हान दिले गेले. जानेवारी २०२२ मध्ये न्यायालयाने ते फेटाळताना सांगितले की एका परीक्षेतले गुण म्हणजे गुणवत्ता नव्हे, त्यामागे घराची, शिकवणीची, पिढ्यांची पुंजी असते. हे आपण किती वर्षे सांगत होतो!

आता हिशेब पाहा. एखाद्या विषयाच्या विभागात पाच जागा धरल्या तर राज्याकडे दोन किंवा तीन राहतात. तीनचे शेकडा १३ म्हणजे अर्धीसुद्धा जागा होत नाही. म्हणून सर्व जागा एकत्र मोजून किंवा वर्षागणिक फिरवून आरक्षण लावल्याशिवाय ते कागदावरच राहते. बिंदुनामावली मागून बघायची ती यासाठी. शिवाय रितेश शाह खटल्याचा १९९६ चा निकाल लक्षात ठेवा. राखीव वर्गातला विद्यार्थी स्वतःच्या गुणांवर खुल्या यादीत बसत असेल तर त्याने राखीव पर्याय वापरून चांगले महाविद्यालय घेतले तरी त्याची गणती खुल्यातच करायची. ती राखीवमध्ये धरली की आपल्यातल्याच दुसऱ्या कुणाची तरी जागा जाते.

पण माझ्या मते खरी गळती खासगी संस्थांत आहे. पाटणहून जवळची दंतमहाविद्यालये कराडची आणि सांगलीची. सरकारी म्हटले की मुंबई, नागपूर, छत्रपती संभाजीनगर आठवावे लागते. कराडचे कृष्णा विश्व विद्यापीठ आणि सांगलीचे भारती विद्यापीठाचे दंतमहाविद्यालय, दोन्ही अभिमत विद्यापीठाच्या कक्षेत. अभिमत विद्यापीठांच्या जागांना अनुसूचित जाती-जमातींचे आरक्षण लावले जात नाही. हा त्या दोन संस्थांचाच दोष म्हणता येणार नाही, देशभर हेच चालते. २००५ च्या इनामदार निकालाने (तो खटला महाराष्ट्रातलाच) विनाअनुदानित संस्थांवर राज्याला आरक्षण लादता येणार नाही असे ठरवले, आणि अनिवासी भारतीयांना १५ टक्क्यांपर्यंत जागा देण्यास मुभा दिली. उत्तरादाखल ९३वी घटनादुरुस्ती होऊन कलम १५(५) आले. त्याने खासगी संस्थांचे दार उघडता येते. पण ते कलम स्वतःहून दार उघडत नाही, त्यासाठी कायदा करावा लागतो. महाराष्ट्राने २००६ साली खासगी व्यावसायिक संस्थांसाठी तो केला. अभिमत विद्यापीठांच्या दाराला मात्र अजून कुणी हात लावलेला नाही. उंबऱ्यावरची ही दोन महाविद्यालये म्हणून या मुलीला नागपूरपेक्षा लांब.

२०१९ चेही सांगितले पाहिजे. मराठा आरक्षणाचा कायदा ३० नोव्हेंबर २०१८ चा. त्या वर्षीच्या पदव्युत्तर वैद्यक व दंतवैद्यक प्रवेशाची प्रक्रिया त्याआधीच सुरू झालेली. म्हणून नागपूर खंडपीठाने मे २०१९ मध्ये ते आरक्षण त्या प्रवेशांना लागू नाही असे ठरवले, सर्वोच्च न्यायालयानेही हस्तक्षेप केला नाही. मग सरकारने अध्यादेश काढून ते लागू केले. दोन्ही बाजूंची पोरे महिनाभर टांगणीला लागली. आमच्यातल्या काहींना याची मजा वाटली, मला वाटली नाही. खेळ सुरू झाल्यावर नियम बदलले की झळ शेवटी साधनहीनालाच लागते, मग तो कुठल्याही जातीचा असो.

राहिला दाखला. राज्याच्या कोट्याला जात-वैधता प्रमाणपत्र लागते आणि अनुसूचित जातीसाठी पुरावा १० ऑगस्ट १९५० पूर्वीच्या वास्तव्याचा. कोयनेच्या पाण्यात ज्यांची गावे गेली त्यांनी तो कुठून आणायचा? माणसे सातारा-सांगलीपासून रायगड-ठाण्यापर्यंत पांगली. वर १९६७ चा भूकंप. त्यात १९५६ नंतर कुणाच्या कागदावर महार, कुणाच्या कागदावर बौद्ध. बौद्धांना केंद्राने अनुसूचित जातीत घेतले ते १९९० साली, म्हणून केंद्राच्या वाट्यासाठी दाखला वेगळ्या नमुन्यात लागतो. एका कचेरीत या मुलीला तीनदा परत पाठवले. तिसऱ्या खेपेला मी बरोबर गेलो, तेव्हा नमुना बाहेर आला.

आज्याचे नाव शेवटी एका जुन्या प्राथमिक शाळेच्या जनरल रजिस्टरमध्ये सापडले, १९४६ चा प्रवेश, शाई पुसट. मुख्याध्यापकांनी नक्कल दिली. प्रकरण आता साताऱ्याच्या समितीपुढे आहे, आणि पसंतीक्रमात तिने नागपूर पहिले टाकले आहे.