खवल्यांची पारख

कोकणातल्या बेने इस्रायल समाजात एक कथा पिढ्यान्‌पिढ्या सांगितली जाते. डेव्हिड राहाबी नावाचा परदेशी यहुदी फिरत फिरत अलिबागच्या परिसरात आला. तिथे तेलाचे घाणे चालवणारी काही कुटुंबे त्याला भेटली. मराठी बोलणारी, मराठी वेश ल्यालेली ही माणसे शनिवारी मात्र घाणा बंद ठेवत. म्हणून गावकरी त्यांना ‘शनवार तेली’ म्हणत. ही माणसे आपल्याच धर्माची असावीत असा राहाबीला संशय आला. खात्री करून घ्यायला त्याने त्यांच्या बायकांपुढे निरनिराळ्या जातींचे मासे ठेवले आणि रांधायला सांगितले. बायकांनी पर आणि खवले असलेले मासे वेगळे काढले. बिनखवल्यांचे बाजूला सारले आणि सांगितले, हे आम्ही खात नाही. राहाबीची खात्री पटली.

हा राहाबी कुणी हजार वर्षांपूर्वीचा मानतात, कुणी अठराव्या शतकातला. इतिहासकारांचा तो वाद चालू राहो. मला या कथेत वेगळेच महत्त्वाचे वाटते. परीक्षा घेणारा पुरुष होता, पुढे त्याने शिकवून तयार केले तेही पुरुषच. पण परीक्षा दिली ती बायकांनी. आणि ती पोथी वाचून दाखवण्याची परीक्षा नव्हती, चुलीपुढची होती.

समाजाची आपल्या मुळांविषयीची समजूत अशी आहे : फार प्राचीन काळी अलिबागजवळ नवगावच्या किनाऱ्याशी एक गलबत फुटले, त्यातून सात पुरुष आणि सात स्त्रिया वाचल्या, आणि त्यांच्यापासून हा वंश वाढला. धर्मग्रंथ समुद्रात गेले. हिब्रू भाषा विसरली गेली; ‘शेमा’ या प्रार्थनेचे शब्द तेवढे ओठांवर राहिले. मग टिकले काय? मुलाची आठव्या दिवशीची सुंता टिकली, शनिवारची विश्रांती टिकली, आणि टिकले ते स्वयंपाकघर.

त्यांच्या सणांची जुनी नावे पाहा. वर्षारंभाच्या दिवसांतला ‘खिरीचा सण’. अंगावरचे पाप धुऊन काढायच्या उपासाचा ‘दरफाळणीचा सण’, म्हणजे दारे लावून घेण्याचा; आणि दुसऱ्या दिवशीचा दानधर्माचा ‘शिळा सण’. वल्हांडणाच्या सुमारास आंबवणाचे मडके झाकून ठेवायचे, तो ‘अनाशी धाकाचा सण’. जेरुसलेमच्या मंदिराच्या नाशाचा शोक म्हणजे ‘बिरड्याचा रोजा’. मोड आलेल्या वालांच्या बिरड्याशी दोन हजार वर्षांपूर्वीचे दुःख बांधून ठेवणारी ही कल्पकता कुणाची असेल? पंचांग लिहिणारा भट नाही, धर्मगुरू नाही, छापखाना नाही. अशा वेळी तिथी लक्षात ठेवायची ती मडक्याने आणि पातेल्याने. ही नावे घराघरांतल्या बायकांच्या तोंडूनच घडली असणार, असे मी मानते.

माझे सारे आयुष्य बँकेत गेले. खातेपुस्तके, तारणखते, वारसपत्रे वाचता वाचता एक सवय जडली : कागदावर नाव कुणाचे आहे आणि व्यवहार प्रत्यक्षात कोण सांभाळते, हे निराळे करून पाहायचे. खाते घरधन्याचे, पण हप्ता कुठल्या महिन्यात जड जाईल ते सांगणार त्याची बायको, आणि तिचे नाव आढळायचे फक्त वारसाच्या रकान्यात. आमच्या खाप्यात, कन्हानच्या काठी, हातमागाचे तसेच. बेने इस्रायलांच्या इतिहासाची कागदपत्रेही याला अपवाद नाहीत. १७९६ साली मुंबईत पहिले प्रार्थनामंदिर बांधणाऱ्या सॅम्युएल दिवेकरांचे नाव आहे. १८७५ साली शाळा काढणाऱ्या आणि पुढे समाजाचा इतिहास लिहिणाऱ्या हाईम सॅम्युएल केहिमकरांचे आहे. मासे निवडणाऱ्या बायकांपैकी एकीचेही नाही.

त्यातल्या त्यात एक कागद मात्र बोलका आहे. १८७४ साली पुण्यात विठ्ठल सखाराम अग्निहोत्री यांच्या शिळाछापखान्यात वल्हांडणाच्या रात्री वाचायची ‘हग्गादा’ हिब्रू आणि मराठीत छापली गेली. तिच्यात बिनखमिराच्या भाकरी करण्याचे चित्र आहे. जमिनीवर बसून भाकरी करणाऱ्या त्या बायका आपल्याकडच्या लुगड्यांत आहेत. यहुदी धर्मग्रंथ, ब्राह्मणाचा छापखाना आणि मराठमोळ्या बायका! महाराष्ट्राचे इतके सुंदर चित्र दुसरे शोधून सापडायचे नाही.

याचा अर्थ त्या बायकांचे सगळे गोड होते असा नव्हे. गळ्यात मंगळसूत्र आले, लग्नाआधी हातावर मेंदी आली, तशी शेजारच्या उच्चवर्णीयांकडून विधवेच्या पुनर्विवाहाची बंदीही आली. मूळ यहुदी धर्मात तशी बंदी नाही. जे घेतले त्यात ओझेही होते, आणि ते बायकांच्याच डोक्यावर बसले.

शिक्षण मात्र या समाजातल्या मुलींना लवकर मिळाले. त्याची फळे विसाव्या शतकाच्या आरंभी दिसली. रिबेका रूबेन १९०५ साली मॅट्रिकला मुंबई विद्यापीठात पहिल्या आल्या आणि पुढे मुंबईच्या सर एली कदूरी शाळेच्या मुख्याध्यापिका म्हणून त्यांनी कित्येक पिढ्या घडवल्या. डॉ. जेरुशा झिराड (१८९०–१९८३) सरकारी शिष्यवृत्तीवर विलायतेला गेल्या, १९१९ साली लंडनच्या एम.डी. झाल्या. १९२८ ते १९४७ त्या कामा रुग्णालयाच्या प्रमुख होत्या. बाळंतपणात बायका का मरतात याची त्यांनी मुंबईत पद्धतशीर तपासणी केली. १९६६ साली त्यांना पद्मश्री मिळाली. मीरा महादेवन, माहेरच्या मिरियम जेकब मेंड्रेकर, यांनी दिल्लीत बांधकामावरच्या मजूर बायांची लेकरे धुळीत पडलेली पाहिली आणि १९६९ साली त्यांच्यासाठी पाळणाघरांची ‘मोबाइल क्रेशेस’ ही संस्था उभी केली.

आणि याच काळात, १९४८ नंतर, हजारो कुटुंबे इस्रायलला निघाली. तिथे पुन्हा एकदा परीक्षा झाली. यहुदी शास्त्राप्रमाणे वंश आईकडून मोजतात. साठच्या दशकाच्या सुरुवातीला तिथल्या मुख्य धर्मपीठाने शंका काढली : कोकणात शास्त्राप्रमाणे घटस्फोट होत होते काय? विधवांचे नियम पाळले जात होते काय? म्हणून बेने इस्रायल मुलामुलीचे इतर यहुद्याशी लग्न नोंदवण्याआधी आई, आजी, पणजी अशी चौकशी करण्याचा हुकूम निघाला. म्हणजे ज्या बायकांनी ग्रंथावाचून धर्म राखला, त्यांच्याच पावित्र्याचा दाखला आता ग्रंथवाले मागू लागले. समाजाने निमूटपणे सोसले नाही. १९६४ च्या उन्हाळ्यात जेरुसलेममध्ये निदर्शने झाली, आणि ऑगस्टमध्ये तिथल्या संसदेने हे लोक सर्वार्थाने यहुदी असल्याचे ठरावाने सांगितले. धर्मपीठाला हुकूम बदलावा लागला. राहाबीला एका टोपलीत पटले होते, ते इथे पटायला वर्षे लागली.

या बायकांनी लिहिले काय? मीरा महादेवन यांची ‘अपना घर’ ही कादंबरी १९६१ ची. इस्रायलला जायचे की इथेच राहायचे हा घराघरातला पेच तिच्यात आहे. एस्थर डेव्हिड यांच्या ‘बुक ऑफ रेचेल’ला २०१० चा साहित्य अकादमी पुरस्कार मिळाला. तिची नायिका अलिबागजवळच्या दांड्याला एकटी राहणारी विधवा. मुले इस्रायलात, आणि ती ओसाड प्रार्थनामंदिराची राखण करते. प्रत्येक प्रकरणाच्या तोंडी एक पाककृती! शीला रोहेकर यांची ‘मिस सॅम्युएल : एक यहूदी गाथा’ २०१३ ची. यांतली पहिली आणि शेवटची हिंदीत, मधली इंग्रजीत. कोकणातल्या या मराठी बायकांची कहाणी मूळ मराठीत नाही, याची एक कादंबरी लिहिणारी म्हणून मला खंत वाटते.

मराठीत आहे ते निराळ्या रूपात आहे. बायबलमधल्या कथांवर रचलेली कीर्तने आहेत. बायकांनी वह्यांमध्ये उतरवून ठेवलेली, ओळखीच्या चालींवर म्हणायची गाणी आहेत. इस्रायलमध्ये ऐंशीच्या दशकात सुरू झालेले ‘मायबोली’ नियतकालिक आहे. ज्या देशासाठी शतकानुशतके प्रार्थना केली, तिथे पोचल्यावर त्यांना मराठीची आठवण यावी, यात नवल नाही. भाषाही पदरात बांधून नेलेलीच वस्तू आहे.

२०११ च्या जनगणनेत भारतभर यहुदी भरले अवघे ४,६५०. २०१६ साली महाराष्ट्र सरकारने त्यांना अल्पसंख्याकांचा दर्जा दिला, हे चांगलेच झाले. पण सरकारी दर्जाने देवळाचे छप्पर फार तर दुरुस्त होईल. गाण्यांची वही ज्या आजीच्या ट्रंकेत आहे, तिच्या नातवंडांना देवनागरी येत नाही. बँकेत असे खाते आले की आम्ही वारसाला पत्र पाठवत असू : अमुक ठेव पडून आहे, येऊन घेऊन जावी. या ठेवीचे वारस फक्त लॉड, अश्दोदचे नाहीत. ती मराठीत आहे. म्हणजे वारसाच्या रकान्यात आपलेही नाव आहे. आपली ग्रंथालये, विद्यापीठे यांनी ते पत्र आल्याचे समजावे, आणि वह्या वाचता येणाऱ्या आज्या आहेत तोवर निघावे.