रोहूच्या अंड्यातील अठरा तास

रोहू, कटला व मृगळ हे मासे बंदिस्त तळ्यात वाढतात. परंतु तेथे ते आपण होऊन अंडी घालीत नाहीत. पावसाळ्यात नदीला पूर आला म्हणजेच त्यांची वीण होते. १९५७ च्या जुलैमध्ये ओडिशात डॉ. हीरालाल चौधरी यांनी माशाच्या मेंदूखालील पीयूषिका ग्रंथीचा अर्क टोचून प्रजनन घडवून आणले. तेव्हापासून मत्स्यबीज हौदात तयार करण्याची वाट मोकळी झाली. म्हणूनच अंड्यात काय घडते, हे शेतकरी बंधूंनी व ग्रामसेवकांनी जाणून घेणे अगत्याचे आहे.

मादीने सोडलेले अंडे नराच्या शुक्ररसाने फलित झाले की पाणी शोषून फुगते व सुमारे ५ मि.मी. व्यासाचे, मण्यासारखे पारदर्शक होते. थोडी अंडी काचेच्या बशीत घेऊन भिंगातून पाहावीत. बलकाच्या एका टोकास दिसणाऱ्या उंचवट्याचे तासाभराच्या आतच दोन, मग चार, आठ असे भाग पडू लागतात. पुढे तेथे तुतीच्या फळासारखा पेशींचा पुंजका बनतो. हा पुंजका पातळ होत बलकावर पसरतो व त्यास झाकून टाकतो. नंतर डोके व शेपटी ओळखू येते, पाठीवर खंड उमटतात आणि अखेरीस गर्भ आत वळवळू लागतो. पाण्याचे तापमान २६ ते ३० अंश सेल्सिअस असल्यास १४ ते १८ तासांत पिलू बाहेर पडते.

या काळात तीन गोष्टी सांभाळाव्यात. पहिली, गर्भास प्राणवायू लागतो. म्हणून अंडी दाट ठेवू नयेत व पाणी मंद वाहते असावे. दुसरी, पांढरी व अपारदर्शक झालेली अंडी मेलेली समजावीत. चार-पाच तासांनी शंभर अंडी मोजल्यास किती पिले मिळतील याचा अंदाज येतो. तिसरी, पिलू बाहेर आले म्हणजे काम संपले असे नव्हे. त्याचे तोंड अजून उघडलेले नसते. पोटाशी असलेल्या बलकावरच ते सुमारे तीन दिवस जगते. या दिवसांत खाद्य टाकल्यास ते कुजून पाणी नासते आणि पिले मरतात. बलक संपत आल्यावरच हे मत्स्यजिरे संगोपन तळ्यात सोडावे.

घाई केल्यास अठरा तासांची सारी मेहनत वाया जाते. तीन दिवस धीर धरल्यास तेच जिरे पुढे बोटुकली होऊन तळे भरते.