लॉबीतली डोकेमोजणी

लंडनच्या हाउस ऑफ कॉमन्समध्ये आजही मतदानाचं बटण नाही. सभापतींनी मतविभागणी पुकारली की घंटा घणघणते. जेवणाच्या टेबलावर असा, नाहीतर ग्रंथालयात डुलकी काढत असा, आठ मिनिटांत धावत यायचं. मग दारं बंद. ‘हो’वाले एका लॉबीतून, ‘नाही’वाले दुसऱ्या लॉबीतून चालत जातात आणि बाहेर पडताना त्यांची डोकी मोजली जातात, धनगराने वाड्यात शिरणारी मेंढरं मोजावीत तशी.

ब्रिटिश सत्ता म्हटली की आपल्याला राण्या आणि व्हाइसरॉय आठवतात. शाळेच्या पुस्तकांनी ती सवय लावली आहे. मला मात्र हा इतिहास या डोकेमोजणीचा वाटतो. त्या देशाला एका पुस्तकात बांधलेली राज्यघटना नाही. खुद्द पंतप्रधानपदही कुठल्या कायद्याने जन्माला आलं नाही. जर्मनीतल्या हॅनोव्हरहून आलेला पहिला जॉर्ज १७१४ मध्ये गादीवर बसला. त्याला इंग्रजी बेताचीच येत होती आणि मंत्र्यांच्या बैठकांत रसही नव्हता. ती रिकामी जागा रॉबर्ट वॉलपोलने व्यापली. १७२१ ते १७४२ अशी जवळपास २१ वर्षं तो टिकला; तो विक्रम अजून मोडलेला नाही. ‘प्राइम मिनिस्टर’ ही तेव्हा त्याच्या विरोधकांनी दिलेली शिवी होती. दुसऱ्या जॉर्जने डाउनिंग स्ट्रीटवरचं घर देऊ केलं, ते त्याने स्वतःसाठी न घेता ‘फर्स्ट लॉर्ड ऑफ द ट्रेझरी’ या पदासाठी घेतलं. दहा नंबरच्या दारावर पत्रं टाकायच्या पितळी फटीवर आजही हेच पदनाम आहे. राजाची मर्जी असतानाही वॉलपोल गेला, कारण कॉमन्समधली डोकी कमी पडू लागली. तिथून पुढच्या प्रत्येकाला हाच धाक.

पण ही डोकी येत कुठून? ओल्ड सॅरम नावाच्या ओसाड टेकडीवरून दोन खासदार निवडून येत आणि मँचेस्टरसारख्या गिरण्यांच्या शहराला स्वतःचा एकही नव्हता. हे बदलणारं सुधारणा विधेयक मार्च १८३१ मध्ये दुसऱ्या वाचनाला आलं तेव्हा मतं पडली ३०२ विरुद्ध ३०१. विधेयक पुढे अडलं, निवडणूक झाली, दंगली झाल्या आणि १८३२ मध्ये अर्ल ग्रे यांच्या सरकारने तो कायदा करून घेतला. मताधिकार तरी किती वाढला? जेमतेम. स्त्रियांना पुरुषांच्या बरोबरीने मत मिळायला १९२८ उजाडलं.

पुढची ग्लॅडस्टन-डिझरायली या पंतप्रधानांची जुगलबंदी अनेकांनी रंगवून सांगितली आहे, म्हणून मी ती ओलांडतो. त्या काळातला मला जवळचा वाटणारा आकडा पाच आहे. एल्फिन्स्टन कॉलेजात गणित शिकवलेले मुंबईचे दादाभाई नौरोजी १८८६ मध्ये हॉबर्नमधून हरले. काळ्या माणसाला ब्रिटिश मतदार निवडून देणार नाहीत, असं त्यानंतर पंतप्रधान लॉर्ड सॅलिसबरी जाहीर सभेत म्हणाले. १८९२ मध्ये दादाभाई सेंट्रल फिन्सबरीतून पाच मतांनी निवडून आले. नौरोजी हे नाव जिभेवर वळेना, म्हणून गमत्यांनी त्यांचं ‘नॅरो-मेजॉरिटी’ केलं. त्याच निवडणुकीने सॅलिसबरींना घरी बसवलं, याचा आनंद मला अजून होतो.

आकड्यात जिंकूनही हरता येतं. मे १९४० मध्ये नॉर्वेच्या मोहिमेवरची चर्चा संपली तेव्हा पंतप्रधान चेंबरलेन ८१ मतांनी पुढे होते. पण एरवीची आघाडी दोनशेच्या वर. आपलेच लोक फुटल्याचं सगळ्यांना दिसलं. दोन दिवसांत चर्चिल आले. त्याच चर्चिलना युद्ध जिंकल्याबरोबर, जुलै १९४५ मध्ये, मतदारांनी खाली उतरवलं. मजूर पक्षाच्या ३९३ जागा आल्या. नवे पंतप्रधान क्लेमंट अ‍ॅटली १९२८ मध्ये ‘सायमन परत जा’च्या घोषणांत मुंबईच्या धक्क्यावर उतरलेल्या आयोगाचे सदस्य होते. त्यांच्या सरकारने भारतीय स्वातंत्र्याचं विधेयक ४ जुलै १९४७ रोजी मांडलं आणि १८ जुलैला त्याला राजाची संमती मिळाली. दीडशे वर्षांचा पसारा आवरायला संसदेने चौदा दिवस घेतले. फाळणीच्या घाईचा एक धागा इथेही सापडतो.

सगळ्यात चटका लावणारी रात्र २८ मार्च १९७९ ची. जेम्स कॅलाहन यांच्या सरकारवर अविश्वास ठराव. मजूर पक्षाचे आल्फ्रेड ब्रॉटन घरी मृत्युशय्येवर. प्रतोद वॉल्टर हॅरिसन विरोधी प्रतोद बर्नार्ड वेदरिल यांच्याकडे गेले: आजाऱ्याच्या बदल्यात तुमचा एक माणूस बाहेर ठेवायचा ना? एवढ्या मोठ्या ठरावाला तो रिवाज लागू नाही, असं वेदरिल म्हणाले. मात्र शब्द पाळायचा म्हणून आपण स्वतःच मत देत नाही, असंही म्हणाले. याने त्यांची कारकीर्द संपली असती. हॅरिसननी त्यांना शब्दातून मोकळं केलं. मतं पडली ३११ विरुद्ध ३१०. सरकार पडलं. ब्रॉटन पाच दिवसांनी गेले. सभ्यपणाने सरकार घालवल्याचं दुसरं उदाहरण मला तरी आठवत नाही.

त्यातून आलेल्या मार्गारेट थॅचर साडेअकरा वर्षं टिकल्या. त्यांना विरोधकांनी हरवलंच नाही. नोव्हेंबर १९९० मध्ये स्वपक्षाच्या खासदारांनी मत दिलं: थॅचर २०४, त्यांना आव्हान देणारे हेझल्टाइन १५२. नियमाप्रमाणे हवी होती ती आघाडी चार मतांनी हुकली, म्हणजे दोघांनी बाजू बदलली असती तर त्या वाचल्या असत्या. दोन दिवसांत राजीनामा.

अलीकडे तर वेगच सुटला आहे. थेरेसा मे यांचा ब्रेक्झिट करार जानेवारी २०१९ मध्ये २३० मतांनी आपटला. लिझ ट्रस ५० दिवसही पूर्ण करू शकल्या नाहीत. २०२२ च्या ऐन दिवाळीत, २४ ऑक्टोबरला, ऋषी सुनक हुजूर पक्षाचे नेते झाले. आपल्याकडे पेढे वाटायची घाई झाली, पण त्यांना सामान्य मतदाराने निवडलं नव्हतं आणि जुलै २०२४ मध्ये त्याने तसं सांगूनही टाकलं. कीर स्टार्मर यांच्या पक्षाला तेव्हा मतं मिळाली ३४ टक्क्यांच्याही आत आणि जागा चारशेच्या वर. ओल्ड सॅरम गेलं, हिशेबातला तिढा राहिलाच.

लंडनला गेलात तर डाउनिंग स्ट्रीटच्या लोखंडी फाटकाशी फार वेळ घालवू नका. तिथून ते दार धड दिसतही नाही. फिन्सबरीत रोझबेरी अ‍ॅव्हेन्यूला जा. रस्त्याला नाव एका पंतप्रधानाचं आहे. तिथल्या जुन्या टाउन हॉलवर दादाभाईंची पाटी आहे, ती वाचून या.