केसतूड आणि जंतुनाशक द्रवाचे स्नान

दमट हवा, घाम आणि दिवसभर अंगाला चिकटलेले घट्ट कपडे यांचा जाच मांड्या, पाठ व मानेवरील केसांच्या मुळांना आधी जाणवतो. दाढी किंवा वॅक्सिंगनंतरही केसाचा कूप सुजतो, लाल होतो आणि टोकाशी पू धरतो. हा ‘फॉलिक्युलायटिस’. दाह खोलवर गेला की त्याचेच ठणकणारे केसतूड होते. बहुतेक वेळा यामागे ‘स्टॅफिलोकॉकस ऑरियस’ हा जीवाणू असतो. अनेक निरोगी माणसांच्या नाकात तो निरुपद्रवीपणे राहत असतो.

अशा वेळी बादलीत जंतुनाशकाचे टोपणभर थेंब टाकण्याची आपल्याकडील सवय जुनी आहे. तेच द्रव्य पाणी न घालता चोळल्यास मात्र त्वचा भाजते. ‘जंतुनाशक’ असे छापलेला प्रत्येक साबण गुणकारी असतोच असेही नाही. अमेरिकेच्या अन्न व औषध प्रशासनाने २०१६ मध्ये ट्रायक्लोसानसह १९ घटक असलेल्या घरगुती साबणांच्या विक्रीस मनाई केली. साध्या साबण-पाण्यापेक्षा ते सरस असल्याचा पुरावा उत्पादकांना देता आला नव्हता.

त्वचारोगतज्ज्ञ प्रामुख्याने ४ टक्के क्लोरहेक्सिडीन किंवा बेन्झॉईल पेरॉक्साइडयुक्त द्रव सुचवतात. लावताच धुऊन टाकल्यास त्यांचा उपयोग होत नाही. दोन-तीन मिनिटे ते त्वचेवर राहू द्यावे लागतात. क्लोरहेक्सिडीन त्वचेला धरून राहते व त्याचा प्रभाव काही तास टिकतो. साबणाचा अंश उरला असेल तर मात्र ते निष्प्रभ होते, म्हणून साबण आधी पूर्ण धुवावा. डोळ्यांत गेल्यास बुबुळाला आणि कानाच्या आत गेल्यास श्रवणशक्तीला इजा होऊ शकते. बेन्झॉईल पेरॉक्साइडला जीवाणू सहसा दाद न देणारे होत नाहीत, हा त्याचा मोठा गुण. रंगीत टॉवेलवर मात्र पांढरे डाग पडतात!

पाठीवर, छातीवर एकसारख्या बारीक, खाजणाऱ्या पुळ्या असतील तर त्या ‘मॅलॅसेझिया’ या बुरशीच्याही असू शकतात. तिथे जीवाणूविरोधी औषध निरुपयोगी, किंबहुना प्रतिजैविकांनी त्या वाढतात, बुरशीनाशकच लागते. औषधाच्या दुकानातून परस्पर आणलेले स्टिरॉइडमिश्रित मलम तर टाळावेच.

पुळी पिळू नये, वस्तरा काही दिवस दूर ठेवावा, टॉवेल वेगळा असावा. ताप आला, लाली पसरू लागली किंवा केसतूड पुन्हा पुन्हा होऊ लागले, तर डॉक्टरांना दाखवून रक्तातील साखरही तपासून घ्यावी.