शेरखानच्या सावलीतला तबाकी

मोगली, बघीरा, बल्लू, शेरखान ही नावे 'जंगल बुक' पाहत वाढलेल्या पिढीला आजही तोंडपाठ आहेत. तबाकीचे नाव मात्र चटकन आठवत नाही. शेरखानच्या मागेपुढे घुटमळणारा, त्याची खुशामत करणारा आणि इकडची बातमी तिकडे पोहोचविणारा हा कोल्हा मालिकेत वारंवार येत असे.

जपानच्या निप्पॉन अ‍ॅनिमेशनने 1989 मध्ये तयार केलेल्या या 52 भागांच्या मालिकेचे हिंदी रूप 1993 मध्ये दूरदर्शनवर आले. गुलजारांचे शीर्षकगीत, विशाल भारद्वाज यांचे संगीत आणि शेरखानला लाभलेला नाना पाटेकर यांचा आवाज यांमुळे ते घरोघरी पोहोचले.

तबाकी हे पात्र मुळात रुडयार्ड किपलिंग यांच्या 1894 मधील पुस्तकातले. त्याचे नाव मराठी माणसाला परके वाटू नये. पानसुपारीचे 'तबक' आपल्या परिचयाचे आहे. तबाकी म्हणजे तबक चाटणारा, उष्ट्यावर जगणारा. पुस्तकातले लांडगे त्याचा तिरस्कार करतात आणि त्याला भितातही, कारण कोल्हा पिसाळला की वाघसुद्धा वाट सोडतो.

ही कल्पना हवेतली नव्हती. किपलिंग यांनी कथा घडविली ती सिवनीच्या परिसरात. तेथील टेकड्या ज्या सातपुड्याच्या, त्याच सातपुड्यात अमरावती जिल्ह्यातील मेळघाट आणि अकोला जिल्ह्यातील नरनाळा ही वाघांची जंगले आहेत. कळपातून दुरावलेला एखादा कोल्हा सुरक्षित अंतर राखून वाघाच्या मागे जातो आणि उरलेल्या शिकारीवर पोट भरतो, असे जुन्या शिकाऱ्यांनी व निसर्ग अभ्यासकांनी नोंदविले आहे. रात्री एकाकी कोल्ह्याची विचित्र हाक आली की 'भालू ओरडली' असे म्हणण्याची आणि तो अपशकुन मानण्याची रीतही जुनीच.

परंतु असा कोल्हा हा अपवाद. एरवी कोल्हा जोडीने राहतो आणि नर-मादी मिळून पिले वाढवितात. उंदीर, कीटक, बोरे आणि मेलेली जनावरे हे त्याचे अन्न. कपाशी, सोयाबीन आणि तुरीच्या शिवारात उंदरांना आवर घालणारा तो शेतकऱ्याचा बिनपगारी राखणदार आहे.

तरीही त्याची बदनामी संपलेली नाही. 'कोल्ह्याचे शिंग' जवळ बाळगल्यास भाग्य उजळते, या अंधश्रद्धेपायी देशात कोल्हे मारले जातात. वास्तविक कोल्ह्याला शिंग नसतेच. केस व कातड्याचा गोळा शिंग म्हणून विकला जातो. वन्यजीव संरक्षण कायद्यात 2022 मध्ये झालेल्या दुरुस्तीने कोल्ह्याला पहिल्या अनुसूचीत, म्हणजे वाघाच्याच पंक्तीला बसविले आहे. उष्टे चाटणारा म्हणून हिणविलेल्या या प्राण्याला कायद्याने मानाचे पान दिले. आता शिवारातही त्याला सुखाने राहू देणे लोकांच्या हाती आहे.