आधी ‘विटाळ’ मोडा, मग चित्रपट लिहा!

वयात येणाऱ्या मुलामुलींसाठी शैक्षणिक चित्रपट कोण लिहितो आणि कोणासाठी लिहितो, हा प्रश्न चळवळीने आपला मानला पाहिजे. त्याचे नाते थेट बाबासाहेबांशी आहे.

१९२७ साली र. धों. कर्वे यांनी ‘समाजस्वास्थ्य’ मासिक सुरू केले. त्याच वर्षी २५ डिसेंबरला महाडला मनुस्मृती जाळली गेली. पुढे वाचकांच्या लैंगिक प्रश्नांना उत्तरे दिली म्हणून कर्व्यांवर अश्लीलतेचा खटला झाला. १९३४ मध्ये त्यांच्या बाजूने न्यायालयात उभे राहिले ते बॅरिस्टर आंबेडकर! खटला हरला, कर्व्यांना दंड झाला. पण शरीराचे ज्ञान म्हणजे अश्लीलता नव्हे, ही भूमिका हरली नाही.

संस्कृतीच्या ठेकेदारांना ती कधीच पचली नाही. २००७ साली महाराष्ट्रात शाळांतील लैंगिक शिक्षणाचा कार्यक्रम संस्कृतीच्या नावाने रोखला गेला. १९८४ पासून शैक्षणिक चित्रफिती करणारी पुण्याची बालचित्रवाणी २०१७ मध्ये बंद झाली. रवी जाधव यांच्या ‘बालक-पालक’ने २०१३ मध्ये दाखविले, की मोठे गप्प बसले तर मुले चोरून चित्रफिती पाहतात. चांगलेच केले. पण ती मुले मुंबईच्या चाळीतली. आमच्या सिल्लोड तालुक्यात मिरची तोडायला जाणाऱ्या बाईची मुलगी पडद्यावर कधी येणार?

तिच्यासाठी लिहायचे तर पहिल्याच प्रसंगात ‘विटाळ’ हा शब्द मोडावा लागेल. मनुस्मृतीच्या पाचव्या अध्यायात चांडाळ, रजस्वला, बाळंतीण आणि प्रेत यांना शिवल्यास स्नान सांगितले आहे. सगळे एकाच श्लोकात! ज्या शब्दाने आमच्या बापजाद्यांना पाणवठ्यावरून हाकलले, त्याच शब्दाने मुलीला कोपऱ्यात बसवतात. बौद्धाच्या घरातही मुलगी चार दिवस वंदनेला बसत नसेल, तर आपण चवदार तळ्याचे पाणी नुसतेच प्यालो काय?

मग साधे सांगा. पाळी म्हणजे गर्भाशयाचे अस्तर बाहेर पडणे. त्यात अपवित्र काही नाही. कापड वापरले तर साबणाने धुऊन उन्हात वाळवावे, अंधारात लपवू नये. मुलाचा आवाज फुटतो, झोपेत वीर्य जाते. तो आजार नाही, त्यासाठी भोंदू वैद्याची पुडी नको. आणि पाळी आली म्हणजे मुलगी लग्नाला आली असे नव्हे. कायदा १८ वर्षे सांगतो, तरी राष्ट्रीय कुटुंब आरोग्य पाहणीत (२०१९-२१) महाराष्ट्रातील २० ते २४ वयाच्या शंभरातील सुमारे २२ जणींचे लग्न त्याआधीच झालेले आढळले.

हे पुण्या-मुंबईचे लोक लिहितील म्हणून वाट पाहू नका. वस्तीतील शिक्षिका, आशाताई आणि शिकलेली पोरे यांनी एकत्र बसून, आपल्या बोलीत लिहावे. चित्रण मोबाइलवरही होते. रविवारी विहारात पडदा लावा आणि मुलामुलींना शेजारी बसवून दाखवा. बाबासाहेबांनी ‘शिका’ म्हटले, त्यातून आपले शरीर वगळले नव्हते!